चाळिशीतील उमेदवारी

‘उमेदवारी’ हा शब्द आज बहुधा निवडणुकीच्या हंगामातच कानी पडतो. पूर्वी त्याचा नित्याचा अर्थ निराळा होता. मिसरूड फुटण्याच्या वयाचा मुलगा एखाद्या पेढीवर, वकिलाच्या कचेरीत किंवा सरकारी दप्तरात जाऊन बसे. बिनपगारी अथवा नाममात्र पगारावर कागद लिही, बेरजा करी, वडीलधाऱ्यांची बोलणी खाई, आणि वर्षा-दोन वर्षांत हात बसला म्हणजे तेथेच कायमचा चिकटे. या काळाला उमेदवारी म्हणत. या व्यवस्थेच्या मुळाशी एक गृहीत होते. शिकण्याचे वय आयुष्यात एकदाच येते. विशीत जे हाताला वळण लागले, त्यावर माणसाने साठीपर्यंत निभावून न्यावे.

हे गृहीत आता उरलेले नाही. व्यापारी जगात हल्ली ‘कौशल्यवृद्धी’ आणि ‘पुनर्प्रशिक्षण’ असे भारदस्त शब्द रूढ झाले आहेत. त्यांचा साधा अर्थ एवढाच की, माणसाला चाळिशीत, प्रसंगी पन्नाशीतही, पुन्हा उमेदवारी करावी लागते. विशीतल्या उमेदवाराच्या खांद्यावर संसाराचे ओझे नसते आणि चारचौघांत चुकण्याची त्याला फारशी लाज नसते. पन्नाशीतल्या उमेदवाराच्या वाट्याला हे ओझे आणि ही लाज, दोन्ही येतात. शिवाय आपण ज्या कामात तरबेज आहोत तेच काम आता निरुपयोगी ठरले, असे त्याला कोणी तोंडावर तर कोणी आडून सांगत असते. त्याचे खरे दुखणे हे आहे, आणि पुनर्प्रशिक्षणाच्या योजना आखणाऱ्यांना ते क्वचितच दिसते.

भारतात या दुसऱ्या उमेदवारीची एक फार मोठी शाळा भरली ती बँकांत. जुलै १९६९ मध्ये चौदा मोठ्या बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले, तेव्हा देशात व्यापारी बँकांच्या सुमारे आठ हजार शाखा होत्या. पुढच्या वीस-बावीस वर्षांत ही संख्या साठ हजारांच्या घरात गेली. तालुक्याच्या गावी, बाजारपेठांत, कधी बँकेचे दार न पाहिलेल्या खेड्यांत शाखा उघडल्या, आणि त्या चालविण्यासाठी शिकलेल्या तरुण-तरुणींची प्रचंड भरती झाली. १९७२ साली विसाव्या वर्षी कारकून म्हणून लागलेला असा एक तरुण २०१२ साली निवृत्त झाला असे समजू. एका माणसाच्या एका नोकरीत त्याने टाक-दौतीच्या सवयीची माणसे पाहिली, खातेवह्या लिहिल्या, खतावणीचे यंत्र चालविले, शाखेतला संगणक पाहिला आणि अखेरीस देशभराच्या शाखा एका जाळ्यात गुंफणारी व्यवस्थाही हाताळली. पदनाम तेच राहिले, काम मात्र तीन-चार वेळा मुळापासून बदलले.

हा कारकून प्रथम काय जाणत होता, हे नीट पाहिल्याशिवाय त्याला पुढे काय शिकविले आणि काय शिकविण्याचे राहून गेले, हे समजणार नाही.

खातेदार चेक घेऊन खिडकीशी येई. कारकून त्याला पितळेचे टोकन देई, जाडजूड खातेवहीतले त्याचे पान उघडी, शिल्लक पाही, रक्कम नावे टाकी आणि चेक व वही अधिकाऱ्याकडे पाठवी. अधिकारी नमुन्याच्या सहीशी सही ताडून पाही आणि आपली आद्याक्षरे घाली. मग रोखपाल टोकनचा नंबर पुकारून पैसे मोजी. दिवस संपला की सगळ्या व्हाउचरांची वर्गवारी होई, त्यांच्या बेरजा रोजकीर्दीत आणि तेथून मुख्य खातेवहीत जात, व दोन्ही बाजूंचा ताळा पाहिला जाई. याशिवाय ठरावीक मुदतीने प्रत्येक खातेवहीतील शेकडो खात्यांच्या शिलकांची बेरीज करून ती मुख्य वहीशी जुळवावी लागे. ती एका पैशानेही चुकली तर चूक सापडेपर्यंत शोध चाले. सहामाही व्याजाच्या वेळी तर शाखाच्या शाखा रात्री उशिरापर्यंत जाग्या असत. १९८८ पर्यंत बँकांचे वर्ष ३१ डिसेंबरला संपे, त्यामुळे नव्या वर्षाचा पहिला दिवस पुष्कळ बँक कर्मचाऱ्यांच्या घरी झोपण्यातच जाई.

या शोधाचेही एक शास्त्र होते आणि ते पुस्तकांपेक्षा शेजारच्या टेबलावरून शिकले जाई. ताळ्यात आलेला फरक नवाने निःशेष भागला गेला तर कोठेतरी आकडे उलटे पडले असावेत, ७२ च्या जागी २७ लिहिले गेले असावेत, हे जुना कारकून क्षणात सांगे. फरक सम आकड्यात असेल तर त्याची निम्मी रक्कम शोधावी, कारण जमेची रक्कम नावे पडली की ताळा दुपटीने चुकतो. अमुक माणसाची लिहिण्याची ढब अशी की त्याचा एक सातासारखा दिसतो, हेही त्याला ठाऊक असे. याहून सूक्ष्म असे एक ज्ञान त्याच्या ठायी साचत जाई, आणि त्याला कोणतेच नाव नव्हते. वर्षानुवर्षे एकच वही हाताळल्यामुळे त्याला खातेदार पानांवरून ओळखू येत. शिक्षकाचा पगार महिन्याच्या आरंभी जमा होतो, ऊस गेल्यावर शेतकऱ्याच्या पानावर रक्कम येते आणि शाळा उघडताना ती जाते, विधवेच्या खात्यातून ठरावीक तारखेला ठरावीक पैसे निघतात. या चालीत काही वेगळे आले की कारकुनाची लेखणी अडखळे.

नवे शिकणे या वर्गाला अगदीच अपरिचित नव्हते. १ एप्रिल १९५७ रोजी देशात दशमान नाणी आली. सोळा आणे, चौसष्ट पैसे आणि एकशे ब्याण्णव पै यांच्या हिशेबात ज्यांचे आयुष्य गेले होते, अशा मुनिमांना आणि कारकुनांना शंभर नव्या पैशांचा रुपया मोजावा लागला. पावकी-निमकी पाठ असलेल्या पिढीला तो बदल सुखाचा नव्हता. तरीही या माणसांचे आता वय झाले, ती बदलास लायक नाहीत, असे तेव्हा कोणी म्हटले नाही. रूपांतराची कोष्टके छापून भिंतीवर लावली गेली, जुनी आणि नवी नाणी काही काळ शेजारी शेजारी चालली, आणि जुन्या ज्ञानाच्या आधारानेच नवे ज्ञान आत आले.

संगणकाच्या बाबतीत हे इतके सरळ झाले नाही, आणि त्याला कारण होते. संगणक या देशातील कारकुनाला प्रथम भेटला तो त्याची भाकरी हिरावून घेणारा म्हणून. साठच्या दशकात आयुर्विमा महामंडळाने मोठी गणकयंत्रे आणण्याचे ठरविले, तेव्हा कर्मचाऱ्यांच्या संघटनांनी कडवा विरोध केला. कलकत्त्यात तर यंत्र इमारतीत येऊ नये म्हणून कर्मचाऱ्यांनी रात्रंदिवस पहारा दिला. पुढे या विरोधाची पुष्कळ थट्टा झाली. परंतु ज्या देशात सुशिक्षित बेकारांच्या रांगा रोजगार कार्यालयांच्या दारात उभ्या होत्या, त्या देशात शंभर माणसांचे काम करणारे यंत्र संशयाने पाहिले गेले, यात हसण्यासारखे काही नाही. सरकारनेही तो प्रश्न गांभीर्याने घेतला. १९६९ साली पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेचे वि. म. दांडेकर यांच्या अध्यक्षतेखाली स्वयंचलनाच्या प्रश्नाचा विचार करण्यासाठी समिती नेमण्यात आली. तिचा अहवाल १९७२ मध्ये आला.

बँकांत कोंडी फुटली ती १९८३ साली. त्या वर्षी बँकांची संघटना आणि कर्मचारी संघटना यांच्यात यांत्रिकीकरणासंबंधी करार झाला. डॉ. सी. रंगराजन यांच्या अध्यक्षतेखालील समितीने १९८४ मध्ये शाखांतील यंत्रांविषयी आणि पुन्हा १९८९ मध्ये संगणकीकरणाविषयी आराखडे दिले. चेकवरील चुंबकीय शाईचे आकडे वाचून त्यांची वर्गवारी करणारी यंत्रे १९८६ पासून मुंबईच्या समाशोधनगृहात चालू झाली. करारांचा गाभा असा होता की, यंत्रामुळे कोणाची नोकरी जाणार नाही, आणि जो यंत्रावर बसेल त्याला विशेष भत्ता मिळेल. यातील पहिली गोष्ट फार मोलाची होती. नोकरीच्या भीतीने ज्याचे मन आधीच बंद झाले आहे, त्याला कोणतीही विद्या शिकविता येत नाही. करार झाला आणि ती भीती बऱ्याच अंशी दूर झाली.

दुसऱ्या गोष्टीचा परिणाम मात्र चमत्कारिक झाला. भत्ता म्हटला की ज्येष्ठता आली. शाखेत यंत्र एक आणि त्यावर बसणार बहुधा ज्येष्ठतेच्या यादीतला पहिला. बाकीचे दहा जण जुन्याच वह्या लिहीत राहिले. यंत्राची खोली वातानुकूलित करण्यात आली, दाराबाहेर चपला काढून आत जाण्याची प्रथा पडली, दसऱ्याला यंत्राला झेंडूची माळ चढू लागली. देवघराप्रमाणे त्या खोलीविषयी आदर वाढला, परिचय वाढला नाही. शिकण्याची वस्तू मानाची वस्तू झाली की शिकणारे दूर उभे राहतात, याचा हा नमुना होता.

प्रशिक्षणाची साधने नव्हती असे मात्र म्हणता येणार नाही. रिझर्व्ह बँकेने १९५४ सालीच मुंबईत बँक कर्मचाऱ्यांसाठी महाविद्यालय काढले होते. स्टेट बँकेचे हैदराबादचे स्टाफ कॉलेज १९६१ चे, आणि पुण्याची राष्ट्रीय बँक व्यवस्थापन संस्था १९६९ ची. इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ बँकर्सच्या परीक्षा तर १९२८ पासूनच्या परंपरेतल्या. त्या उत्तीर्ण होणाऱ्याला वेतनवाढ मिळे, त्यामुळे कित्येक कारकून दिवसा खिडकीवर आणि रात्री पुस्तकावर, असे अभ्यास करून अधिकारी झाले. शिकल्याचे फळ पगारात दिसले की चाळिशीतला माणूसही अभ्यासाला बसतो.

उणीव होती ती शिकविण्याच्या आशयात. खातेवहीवर वीस वर्षे काढलेल्या माणसाला दोन आठवड्यांसाठी प्रशिक्षण केंद्रात बोलावीत. व्याख्यान बहुधा इंग्रजीत, शिकविणारा बहुधा यंत्र जाणणारा पण खिडकीवर कधी न बसलेला. कोणती कळ कोणत्या क्रमाने दाबावी, हे तो सांगे. वहीतले कोणते काम आता यंत्रात कोठे गेले, हे तो सांगत नसे, कारण ते त्यालाच ठाऊक नसे. लहान मुलांना घरी ठेवून परगावी दोन आठवडे राहणे अनेक स्त्री कर्मचाऱ्यांना शक्य नव्हते, त्यामुळे त्यांची नावे यादीतून गळत. पुढे ‘बायका शिकायला तयार नसतात’ असा शेराही सहज मारला जाई. केंद्रातून परतलेला माणूस शाखेत येऊन पाही तो तेथे अजून यंत्रच आलेले नसे. ते येईपर्यंत शिकलेले विसरले जाई. यंत्र आल्यावर काही महिने वही आणि यंत्र दोन्ही चालवावी लागत, म्हणजे एकाच वेतनात दुप्पट काम. त्या महिन्यांत जो चिडला, त्याला ‘बदलास विरोध करणारा’ ठरविणे सोपे होते.

परिणाम काय झाला, याची दोन उदाहरणे पुरेशी आहेत.

वहीच्या काळात कोणताही अधिकारी आपली आद्याक्षरे दुसऱ्याला घालू देत नसे. ‘माझ्या नावाने तू सही कर’ असे कोणी म्हटले असते तर त्याला वेडा ठरविले असते. संगणक आल्यावर त्याच प्रामाणिक माणसांनी आपले सांकेतिक शब्द, म्हणजे पासवर्ड, एकमेकांना खुशाल सांगितले. कोणी ते चिठ्ठीवर लिहून पडद्याच्या कडेला चिकटविले. साहेब रजेवर असले तर त्यांचा पासवर्ड शिपायालाही माहीत असे. यातून काही शाखांत मोठे गैरव्यवहार झाले आणि निरपराध माणसे चौकशीत अडकली, कारण यंत्रात नाव त्यांचे होते. यात बेफिकिरी कमी होती आणि अज्ञान अधिक. पासवर्ड टंकित करावा हे त्यांना शिकविले गेले होते. पासवर्ड म्हणजे आपली आद्याक्षरे, हे एक वाक्य त्यांना कोणी सांगितले नव्हते. ते सांगितले असते तर त्या पिढीने तो शब्द तिजोरीच्या किल्लीसारखा जपला असता.

दुसरे उदाहरण याहून महत्त्वाचे. हाताने लिहिलेल्या वहीत चूक झाली की ताळा जुळत नसे, म्हणजे चूक स्वतःच ओरडून सांगे. संगणकात जमा आणि नावे एकाच वेळी पडतात, त्यामुळे ताळा नेहमीच जुळतो. खाते क्रमांकातील एक आकडा चुकून एकाचे पैसे दुसऱ्याच्या नावावर गेले तरी संध्याकाळी सगळे बिनचूक दिसते. नवाने भागण्याची युक्ती येथे कामाची नाही. चूक नाहीशी झालेली नसते, ती मुकी झालेली असते. अशा वेळी उपयोगी पडते ती कारकुनाची दुसरी, बिननावाची विद्या. या शिक्षकाच्या खात्यात एवढी रक्कम कशी आली, असे ज्याच्या मनात येते तोच ही चूक पकडतो. म्हणजे यंत्राने कारकुनाचा हात निरुपयोगी केला, पण त्याच्या डोळ्याची गरज वाढविली. प्रशिक्षणात नेमके उलटे गृहीत धरले होते. हाताला नवे वळण द्यावे, एवढेच त्याचे उद्दिष्ट होते. डोळ्याची कोणी विचारपूस केली नाही.

१९९४ नंतर नव्या खाजगी बँका निघाल्या. त्यांच्या दालनांत पहिल्या दिवसापासून संगणक होते आणि माणसे सगळी पंचविशीतली. सरकारी बँकांनी याच दशकात नवी भरती जवळजवळ थांबविली होती, त्यामुळे तेथील वय दरवर्षी एका वर्षाने वाढत होते. केंद्रीय दक्षता आयुक्त एन. विठ्ठल यांनी १ जानेवारी २००१ पर्यंत सरकारी बँकांनी सत्तर टक्के व्यवहार संगणकावर आणावेत असा आग्रह धरला, आणि धावपळ सुरू झाली. याच सुमारास बँकांनी स्वेच्छानिवृत्तीची योजना आणली. पंधरा वर्षे नोकरी झालेल्या किंवा चाळिशी गाठलेल्या कर्मचाऱ्याने अर्ज करावा. सेवेच्या प्रत्येक वर्षामागे साठ दिवसांचा पगार किंवा उरलेल्या नोकरीचा पगार, यांपैकी जी रक्कम कमी असेल ती घेऊन त्याने घरी जावे. २०००-०१ या एका वर्षात सरकारी बँकांतून एक लाखाहून अधिक माणसे निघून गेली.

या योजनेचा हिशेब कागदावर चांगला दिसला. पगाराचा खर्च घटला, सरासरी वय खाली आले. परंतु या हिशेबात एक रक्कम कधीच मांडली गेली नाही. ज्यांना बाहेर दुसरे काम मिळण्याची खात्री होती, ज्यांचे ज्ञान बाजारात विकले जाणार होते, असे पुष्कळ जण आधी निघाले. लहान गावांतील शाखांत कर्जाची कागदपत्रे वाचता येणारा एकमेव अधिकारीच नाहीसा झाल्याचे प्रकार घडले. शिकविण्यापेक्षा निरोप देणे स्वस्त, हा विचार त्यामागे होता. माणूस आणि त्याची जागा या दोन वेगळ्या वस्तू आहेत, हे खर्चाचे तक्ते दाखवीत नाहीत. न्यायाची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. जे गेले त्यांतील अनेकांनी सुटकेचा निःश्वास टाकला होता. नातवाच्या वयाच्या मुलाकडून पुन्हा पुन्हा ‘काका, ती कळ नव्हे, ही’ असे ऐकत दिवस काढण्यापेक्षा मानाने घरी बसलेले बरे, असे त्यांना वाटले. त्यांना तसे वाटू देणारी व्यवस्था दोषी, ते नव्हेत.

जे राहिले त्यांचे शिक्षण मात्र पुढे खरोखर झाले, आणि ते झाले बहुतांशी केंद्राबाहेर. २००३ नंतरच्या पाच-सहा वर्षांत स्टेट बँक आणि इतर सरकारी बँकांच्या शाखा एकामागून एक कोअर बँकिंगच्या जाळ्यात आल्या. शाखेचे ‘स्थलांतर’ ठरले की आधीच बदललेल्या शेजारच्या शाखेतून एक-दोन कर्मचारी येत आणि काही दिवस नव्यांच्या खुर्चीशेजारी बसत. ही माणसे तज्ज्ञ नव्हती. दोन महिन्यांपूर्वी तीही अशीच घाबरलेली होती, हेच त्यांचे मोठे सामर्थ्य. ती मराठीत, तमिळमध्ये, बंगालीत, ज्या त्या गावच्या बोलीत समजावून सांगत, आणि ‘आपली लाँग बुक म्हणजे हे पान, आपली जनरल लेजर म्हणजे हे’ असे नव्याचे जुन्याशी नाते जोडून देत. १९५७ साली भिंतीवर लागलेले रूपांतराचे कोष्टकच जणू माणसाच्या रूपाने खुर्चीशेजारी येऊन बसले होते. २००७ साली स्टेट बँकेने ‘परिवर्तन’ नावाचा दोन दिवसांचा कार्यक्रम आपल्या लाखाहून अधिक कर्मचाऱ्यांसाठी केला. त्यात कळा दाबण्याचे शिक्षण नव्हते. बँक कोठे मागे पडली आहे, का पडली आहे आणि त्यात आपला भाग काय, हे खिडकीवरच्या माणसाला विश्वासात घेऊन सांगितले गेले. ज्याला तीस वर्षे केवळ परिपत्रके मिळाली होती, त्याला प्रथमच कारण सांगितले गेले.

यंत्राने काय साधले, हेही पाहण्यासारखे आहे. बचत खात्यावरचे व्याज पूर्वी दर महिन्याच्या १० तारखेपासून अखेरपर्यंतच्या किमान शिलकेवर मिळे. १५ तारखेला पैसे भरले तर त्या महिन्याचे व्याज बुडाले. खातेदाराला हा अन्याय वाटे, आणि तो होताच, परंतु लाखो खात्यांची रोजची शिलक हाताने मांडणे अशक्य होते. १ एप्रिल २०१० पासून व्याज रोजच्या शिलकेवर मिळू लागले. जुन्या कारकुनांपैकी जे तेव्हा नोकरीत होते, त्यांना या बदलाचा अर्थ इतर कोणाहूनही चांगला कळला असेल. सहामाहीच्या त्या जागरणांत जे व्याज त्यांनी बोटांनी मोजले होते, त्याहून न्याय्य व्याज आता कोणी जागे न राहता मोजले जात होते.

तथापि, कौशल्यवृद्धी या शब्दाखाली जे काही चालते ते सगळेच शिक्षण नव्हे. पैसे काढणे-भरणे यंत्रांवर आणि पुढे २०१६ नंतर भ्रमणध्वनीवर गेले, खिडकीपुढची रांग आटली, आणि खिडकीमागच्या माणसाचे करायचे काय हा प्रश्न उभा राहिला. पुष्कळ बँकांनी त्याला विमा आणि गुंतवणुकीच्या योजना विकावयास लाविले. या नव्या कामाचे ‘प्रशिक्षण’ म्हणजे बरेचदा योजनेची एक पुस्तिका आणि महिन्याचे लक्ष्य. कोणाला ती योजना हितकारक आणि कोणाला घातक, हे त्यात फारसे नसते. मुदत ठेव ठेवावयास आलेला वृद्ध खातेदार, समजही नसलेली वीस वर्षांच्या हप्त्यांची पॉलिसी घेऊन घरी जातो, अशा तक्रारी सर्वत्र ऐकू येतात. त्या खातेदाराचे पान ज्याने वर्षानुवर्षे सांभाळले, त्याच्याच विश्वासाचा येथे विक्रीसाठी उपयोग केला जातो. माणसाला नवे कौशल्य देणे वेगळे आणि त्याच्या जुन्या पुण्याईवर माल खपविणे वेगळे. खिडकीवरच्या कर्मचाऱ्याला हा भेद नीट कळतो, आणि या कामाविषयीच्या त्याच्या नाखुशीला ‘मानसिकतेचा अभाव’ म्हणणे अन्यायाचे आहे.

२०१० साली डॉ. अ. कु. खंडेलवाल यांच्या समितीने सरकारी बँकांतील मनुष्यबळाविषयी अहवाल दिला. सत्तरच्या दशकात लागलेली पिढी एकदम निवृत्त होत आहे आणि तिच्या जागी येणाऱ्यांना तयार करावयास वेळ थोडा आहे, हा त्याचा मुख्य सूर होता. ती पिढी आता गेली. त्यांच्या जागी आलेली मुले-मुली यंत्र घेऊनच वाढली आहेत, आणि त्यांच्या पुढ्यात आता विचार करणारी म्हणविली जाणारी नवी यंत्रे येत आहेत. कळा त्यांना शिकवाव्या लागत नाहीत. त्यांच्या बदल्या मात्र लवकर लवकर होतात, खातेदार त्यांना पानांवरून ओळखता येत नाहीत, आणि पडद्यावर जे हिरवे दिसते ते खरे मानण्याची त्यांना सवय आहे. जुन्यांना हात शिकवावा लागला, यांना डोळा शिकवावा लागणार, असा हा उलटा प्रसंग आहे.

२०२४ च्या सुमारास देशभर एक नवी फसवणूक माजली. पोलीस किंवा अन्य सरकारी अधिकारी असल्याची बतावणी करणारा कोणी एक जण फोनच्या पडद्यावरून वृद्ध माणसाला धाक घाली, ‘तुम्ही अटकेत आहात, कोणाशी बोलू नका’ असे बजावी, आणि आयुष्यभराची ठेव मोडून अमुक खात्यात पाठविण्यास सांगे. असा माणूस बँकेत येतो तेव्हा यंत्राच्या दृष्टीने सारे ठीक असते. खाते त्याचे, सही त्याची, ठेव त्याची, अर्ज बिनचूक. ताळा जुळतोच. तरीही काही शाखांत पैसे वाचल्याच्या बातम्या वृत्तपत्रांत आल्या, आणि बहुतेकांत घडले ते साधारणपणे असेच. खिडकीवरच्या कोणाला तरी वाटले की, मुदत भरण्यास थोडे महिने उरले असताना ही ठेव मोडली जात आहे, आजोबांचा हात कापत आहे आणि ते वारंवार फोनकडे पाहत आहेत. त्याने कागद बाजूला ठेवला आणि विचारले, “आजोबा, एवढी घाई कसली? बसा जरा, पाणी घ्या. घरी कोणाशी बोललात का?”